‘गेली’ एवढंच म्हणालो

१२ डिसेंबर

ताई,

तू फोन उचलत नाहीस, म्हणून लिहितोय. तुझ्या मैत्रिणीचा पत्ता शेजारच्या काकूंकडून घेतला. त्यांनी तो सहजासहजी दिला नाही. दारातच उभं ठेवून विचारलं, पत्रात काय लिहिणार आहेस. आईची खुशाली लिहिणार, म्हणालो. तेव्हा कुठे चष्मा शोधायला आत गेल्या.

तर खुशाली अशी. आईचा रक्तदाब ठीक आहे. डाव्या हाताची बोटं अजून तशीच वळलेली. तू फ्रिजवर चिकटवून गेलीस त्या यादीप्रमाणे गोळ्या देतोय. दर दोन तासांनी तिला कुशीवर वळवायचं असतं, हे मात्र तू यादीत लिहिलं नव्हतंस. पाठीवर लाल चट्टा उठला तेव्हा डॉक्टरांनी विचारलं, इतके दिवस कोण वळवत होतं? मी विषय बदलला.

माझ्या बदलीच्या दाव्याच्या निकालाची प्रत माझ्या आधी तुझ्या हातात पडली, हे फार वाईट झालं. आमच्या पाणीपुरवठा मंडळाचं पाकीट वाटून तू फोडलं असशील, नेहमीच फोडतेस, त्यात तुझं काही चुकलं नाही. त्या दिवशी मी सहाला घरी आलो तर आईचं सगळं उरकलेलं होतं, काकू तिच्याजवळ बसल्या होत्या आणि टेबलावर ती प्रत सातव्या पानावर उघडी होती. मला वाटलं तू कोपऱ्यावरच्या दुकानात गेली असशील. काकू माझ्याकडे बघेनात, तेव्हा मी ते पान वाचलं. ‘अर्जदाराची एकुलती बहीण चार वर्षांपूर्वी दिवंगत झाली असून, अर्धांगवायूने अंथरुणास खिळलेल्या आईची देखभाल करणारे अर्जदाराव्यतिरिक्त दुसरे कोणीही नाही.’

तू समजतेस तसं ते घडलेलं नाही. ऑगस्टमध्ये मंडळाचे कल्याण अधिकारी घरी चौकशीला आले होते, तू त्या दुपारी काकूंकडे जाऊन बसली होतीस, आठवतं ना? आईने तुला हाका मारायला सुरुवात केली. बेबी कोण, असं त्यांनी विचारलं. मी म्हणालो, माझी बहीण, ती गेली. ‘गेली’ एवढंच म्हणालो. काकूंकडे गेलीच होतीस की. त्यांनी भलताच अर्थ घेतला, अहवालात तसं लिहिलं, अहवालातलं वकिलांनी उचललं, आणि वकिलांच्या कागदातून ते निकालात गेलं. कोर्टकचेरीत असंच चालतं, एकाने लिहिलेलं दुसरा उतरवून काढतो.

राग आला असेल, कबूल. पण चार आठवडे झाले, आता पुरे कर. इथे सगळी दाणादाण उडाली आहे. मी रोज ऑफिसला उशिरा पोचतो. काकूंचेही गुडघे दुखतात, त्या तरी किती दिवस बसणार? माझ्यासाठी नको, आईसाठी तरी परत ये.

तुझा भाऊ


४ जानेवारी

ताई,

पत्राचं उत्तर आलं नाही. दर रविवारी काकूंच्या फोनवर तू आईशी बोलतेस, तेव्हा फोन आईच्या कानाला मीच धरलेला असतो, हे तुला कळत असेल. तुझा आवाज मलाही येतो. मुलींच्या वसतिगृहात तुला काम मिळालं हे तसंच कळलं. आई तुझ्याशी काही बोलत नाही, नुसती ऐकते. फोन ठेवला की बराच वेळ भिंतीकडे बघत पडून राहते. थकत असेल.

एक अडचणीची गोष्ट लिहायची आहे. मागच्या पत्रात ये म्हणालो होतो. आता वकील म्हणतात, इतक्यात नको. मंडळाने निकालाविरुद्ध अपील केलंय आणि ते मार्चमध्ये सुनावणीला येईल. तोपर्यंत तू इकडे कोणाच्या नजरेला पडली नाहीस तर बरं. ऑफिसातले दोघे-तिघे आपल्याच रस्त्याने जातात. अपील निकाली निघालं की मी स्वतः तुला आणायला येतो.

हे वाचून तू पत्र फाडशील. फाडण्याआधी माझी बाजूही ऐकून घे. बदलीचा हुकूम आला तेव्हा माझी काय अवस्था झाली होती, ते तू पाहिलंस. एकोणीस वर्षं मी त्या प्रयोगशाळेत एकाच टेबलावर बसलो. शहराच्या कुठल्याही नळाचं पाणी बाटलीत भरून आणा, नुसता वास घेऊन सांगेन कुठल्या टाकीचं आहे. आणि एके दिवशी चार ओळींचा कागद. प्रशासकीय कारणास्तव धरणावरच्या प्रयोगशाळेत बदली, सात दिवसांत रुजू व्हावे. नऊ तासांचा प्रवास. आसपास बाजार नाही, माणूस नाही.

वकिलांनी पहिल्या दिवशी विचारलं, साहेबांशी तुमचं काही भांडण झालंय? आकसाने बदली केली असं म्हणता येईल का? मी म्हणालो, नाही हो, माझं कोणाशीच भांडण नाही. मग म्हणाले, नियमाविरुद्ध आहे का? हुकूम उलटापालटा करून त्यांनीच उत्तर दिलं, नाही. मग पेनाचं टोपण लावत विचारलं, “बरं, घरात आजारी कोण आहे?”

मी आईचं नाव सांगितलं. आई आजारी होतीच. त्यात खोटं काही नव्हतं.

तुझा भाऊ


२९ जानेवारी

ताई,

तू बोलली नाहीस त्याचाच परिणाम म्हण, पण आधीची दोन पत्रं मला आता आठवतानासुद्धा नको होतं. त्यांत एकही गोष्ट धड सांगितली नाही मी. आज सांगतो.

आधी ऑफिसचं. निकाल लागला आणि त्याची प्रत मंडळाच्या आस्थापना विभागात आली, तिथून ती सगळ्या मजल्यांवर पोचायला एक दिवस पुरला. दुसऱ्या दिवशी मी टेबलावर जाऊन बसलो तर शिपाई चहा घेऊन आला आणि कप ठेवून तसाच उभा राहिला. “साहेब, ताई गेल्या आणि तुम्ही आम्हाला कळवलंही नाहीत.” मग एकेक जण येऊ लागला. हेडक्लार्कने खांद्यावर हात ठेवला. मी मान खाली घातली, ताई. मान खाली घालायला मला काही कष्टच पडले नाहीत, कारण वर बघायची हिंमतच नव्हती, आणि त्यांना ते दुःख वाटलं. त्या वेळी तू घर सोडून दोन दिवस झाले होते. मी त्यांचा चहा प्यायलो.

प्रयोगशाळेतली आमची धाकटी केमिस्ट तुला माहीत आहे, पाच वर्षांपूर्वी एकदा आपल्या घरी आली होती, तेव्हा तिचं लग्न व्हायचं होतं, आता तिला दोन वर्षांची मुलगी आहे. माझी बदली थांबली, पण धरणावर माणूस तर हवाच होता. तिला पाठवलं. तिला मुलगी सासूजवळ ठेवून जावं लागलं. तिनेही कोर्टात जायचं ठरवलं होतं, वकीलही पाहून ठेवला होता. मग माझा निकाल वाचला. जायच्या आदल्या दिवशी माझ्या टेबलाजवळ आली आणि म्हणाली, “तुमच्यावर एवढं कोसळलंय सर, मी भांडत नाही. मी जाते.” परवा तिचं पत्र आलं. तुझ्याबद्दल चार ओळी सांत्वनाच्या आहेत. तुझ्या हातची कॉफी तिला आठवते असं लिहिलंय.

ते पत्र खिशात ठेवून मी घरी आलो. आईला स्पंज करायचं होतं. आता मला जमतं, पाणी कोमट आहे का ते मनगटावर बघतो, तू बघायचीस तसं. मी तिचा पाय पुसत होतो आणि ती अगदी स्वच्छ आवाजात म्हणाली, “बेबी गेली ना रे?”

मी म्हणालो, वसतिगृहात कामाला गेली आहे, रविवारी फोन करते की.

“तो फोन कोणाचाही असेल,” आई म्हणाली. “बेबी तापाने गेली. तू त्या माणसाला सांगितलंस. मी ऐकलं.”

आता त्या दुपारचं खरं लिहितो.

तुला काकूंकडे जाऊन बस असं मीच सांगितलं होतं. तू हसलीस. “एवढंच ना? दोन तास मी घरात नाही म्हणून तुझी बदली थांबत असेल तर रोज जाऊन बसते,” असं म्हणाली होतीस. तुझे दोरीवरचे कपडे काढून तूच घडी घातलेस. मी तुझी गादी गुंडाळून माळ्यावर टाकली, दाराजवळच्या तुझ्या चपला फडक्यात बांधल्या, खिडकीतला तुझा वाचायचा चष्मा उचलला. एका माणसाचं सामान घरातून नाहीसं करायला वीस मिनिटं लागतात. मला त्या वेळी त्याचं कौतुक वाटलं होतं.

अधिकारी सभ्य माणूस होता. बूट बाहेर काढून आत आला. आईजवळ खुर्ची ओढून बसला. मी सांगत होतो आणि तो लिहून घेत होता, की मी पहाटे उठतो, स्पंज करतो, भरवतो, केस विंचरतो, दुपारी ऑफिसातून धावत येऊन कूस बदलतो. तुझा अख्खा दिवस मी माझ्या नावावर लिहून दिला. एवढ्यात आईने हाक मारली. बेबी, पाणी दे गं. मी पाणी दिलं. तिने तोंड फिरवलं. परत हाक, बेबी कुठे आहे? त्याने विचारलं बेबी कोण, आणि मी म्हणालो, माझी बहीण, ती गेली.

इथवर तुला पहिल्या पत्रात सांगितलं होतं. पुढचं गाळलं होतं. त्याने पेन थांबवलं आणि हळू आवाजात विचारलं, “अरेरे. कधी?”

तिथे सावरता आलं असतं. शेजारी गेली आहे, एवढं म्हणायचं होतं. मी म्हणालो, चार वर्षं झाली. कशाने, त्याने विचारलं. तापाने. आईला ते लक्षात राहत नाही, म्हणून हाका मारते. हे वाक्य तर मी त्याने न विचारताच जोडलं. आई आमच्या दोघांच्या मध्ये पडलेली होती आणि तिचे डोळे उघडे होते.

नोटरीपुढच्या कागदावर मी न वाचता सही केली असंही तुला वाटलं असेल. तीनदा वाचला. वकिलांनी ‘मयत’ लिहिलं होतं. तो शब्द मला कसासाच वाटला, म्हणून ‘दिवंगत’ करायला लावला. तुझा मान राखला, असं तेव्हा वाटलं मला.

आणि त्या संध्याकाळी तू काकूंकडून परत आलीस. आईने तुला पाहिलं. तुझा हात धरला तो सोडेचना. तुझ्या तोंडावरून, गळ्यावरून बोटं फिरवत राहिली, रडत राहिली. तू मला म्हणालीस, “आज हिला झालंय तरी काय? दोन तास नव्हते तर एवढं?” तू तिच्या उशाशी जेवलीस, एका हाताने, कारण दुसरा हात तिच्या मुठीत होता. मी समोर बसून जेवत होतो. तिला काय झालंय हे घरात फक्त मला ठाऊक होतं.

उत्तर पाठवू नकोस. पाठवायची गरज नाही.

तुझा भाऊ


१७ फेब्रुवारी

ताई,

वकिलांकडे जाऊन आलो. सांगितलं की बहीण हयात आहे आणि मला हे कोर्टाला कळवायचं आहे. त्यांनी उठून खोलीचं दार लावलं. खोटं प्रतिज्ञापत्र म्हणजे काय होतं ठाऊक आहे का, असं विचारलं. नोकरी जाऊ शकते, खटला होऊ शकतो. मी म्हणालो, ठाऊक आहे. खरं तर ठाऊक नव्हतं.

मग ते जरा शांत झाले आणि त्यांना एक वाट सुचली. विचारलं, बहीण आता कुठे असते? घर सोडून गेली, म्हणालो. परत येणार आहे? माहीत नाही. आईला बघायला दुसरं कोणी? कोणी नाही. ते एकदम हसले. “अहो, मग आता तर तुमचं म्हणणं खरंच झालंय की. घरातल्या घरात गैरसमज होता, बहीण कायमची निघून गेली, त्यावरून ऐकण्यात चूक झाली असं लिहू. आता आईला तुमच्याशिवाय खरोखरच कोणी नाही. माफी मागू, आणि बदलीही थांबेल.”

त्यांनी तिथेच मसुदा सांगितला आणि टंकलेखकाने तो टाइप केला. ताई, तो कागद मी घरी घेऊन आलो. दोन दिवस माझ्या बॅगेत होता. लिहायला लाज वाटते, पण दुसऱ्या दिवशी सकाळी मी त्यावर सही करायला बसलोसुद्धा होतो. त्यात खोटं असं काही नव्हतंच ना. पण त्यात एक ओळ होती, ‘अर्जदाराच्या बहिणीने आईची जबाबदारी झटकून गृहत्याग केला.’ आत आई खाटेवर होती. पाठीचा चट्टा आता भरलाय. तो भरायला मला सात आठवडे लागले, रोज दोन तासांनी उठून, आणि त्या काळात मला कळलं की सहा वर्षं तिच्या पाठीवर कधी चट्टा उठलाच नव्हता. कोणाच्या तरी हातांनी तो उठू दिला नव्हता.

मी तो कागद फाडला. मोठी गोष्ट केली असं समजू नकोस. दोन दिवस बाळगला होता, हे आधी समज.

नवा कागद माझा मीच लिहिलाय. दीड पानाचा आहे. वकील म्हणाले, असा कागद मी दाखल करणार नाही, तुम्ही दुसरं कोणी बघा. म्हणून मीच उभा राहणार आहे.

एक आणखी. माझी बदली मला का नको होती, हे मी आजपर्यंत कोणालाच सांगितलेलं नाही. आईचं कारण नव्हतं. आईला तू होतीस, मी गेलो असतो तरी तिचं काही अडलं नसतं. मला भीती वाटली. सेहेचाळीस वर्षांचा माणूस, कधी स्वतःचा भात लावलेला नाही, कधी परक्या गावात एकटा झोपलेला नाही. तिथे मला कोणी ओळखणार नाही, याचीच भीती. त्यासाठी तुला मारलं.

तुझा भाऊ


९ मार्च

ताई,

आज सुनावणी झाली. काकू आईजवळ बसल्या. त्यांना सगळं सांगून गेलो होतो. त्यांनी ऐकून घेतलं आणि एवढंच म्हणाल्या, “जा. शर्टाला इस्त्री कर आधी.”

पहिले दोन तास नंबरच लागला नाही. मंडळाचे वकील माझ्या बाजूच्याच बाकावर बसले होते, त्यांना माझा कागद आधीच मिळाला होता. ते अधूनमधून माझ्याकडे असे बघत होते, जसं आपण रस्त्यात एकटंच बोलत जाणाऱ्या माणसाकडे बघतो. नाव पुकारलं. दोन न्यायाधीश, त्यातल्या बाईंनी माझा कागद वाचला. वाचून झाल्यावर परत पहिल्यापासून वाचला.

“म्हणजे तुमची बहीण हयात आहे?”

“हो.”

“मग ती वारली असं अधिकाऱ्यांना कोणी सांगितलं?”

“मीच सांगितलं. नोटरीपुढच्या कागदावरही मी वाचून सही केली.”

“का?”

मी उत्तर पाठ करून गेलो होतो. चांगलं लांबलचक होतं. तोंडातून निघालं ते एवढंच, “मला जायचं नव्हतं.”

मागे कोणीतरी हसलं. बाई हसल्या नाहीत. त्यांनी विचारलं, आईजवळ आता कोण असतं? मी म्हणालो, मीच. बहीण? ती गेली, म्हणालो, आणि तो शब्द बाहेर पडल्याबरोबर माझा मलाच झटका बसला, मग घाईघाईने सांगितलं, म्हणजे दुसऱ्या गावी राहते, नोकरी करते, सुखरूप आहे. दोघेही न्यायाधीश माझ्याकडे बघायला लागले. बाई म्हणाल्या, मग आज तरी तुमच्या आईला तुमच्याशिवाय कोणी नाही, हे खरं आहे का? त्यावर तुमचं काही मागणं असेल तर सांगा, आम्ही ऐकू.

अगदी सौम्य आवाजात विचारलं गं. दार समोर उघडं होतं. मला वाटतं त्यांना खरंच माझी कीव आली होती.

मी म्हणालो, “खरं आहे. पण ती माझ्यामुळे गेली. त्यावर मला काही मागायचं नाही.”

अपील मंजूर झालं, माझी मूळ याचिका फेटाळली. एक महिन्यात धरणावर रुजू व्हायचं. माफी नोंदवून घेतली, खटला चालवायचा नाही असं ठरलं, पण मंडळाला खातेनिहाय चौकशीची मोकळीक आहे आणि ती ते करणार. न्यायाधीशबाई आदेश तोंडी सांगत होत्या आणि लघुलेखक लिहून घेत होता. त्यात तुझ्यावर एक वाक्य आलं. ‘अर्जदाराच्या आईची सहा वर्षे देखभाल त्याच्या बहिणीने केली.’ तुझं नाव घेतलं. लघुलेखकाला नीट ऐकू आलं नाही, त्याने मला विचारलं. मी उच्चारून सांगितलं, अक्षर अक्षर सोडवून.

ऑफिसात उद्या कळेल. कळू दे.

तुझा भाऊ


२२ एप्रिल

ताई,

हे पत्र धरणावरून. आईला घेऊन आलो. डॉक्टरांनी परवानगी दिली, रुग्णवाहिकेचा चालक भला माणूस निघाला, दर दोन तासांनी सावली बघून गाडी थांबवायचा. निघताना ऑफिसातून कोणी आलं नाही. शेवटचे दहा दिवस माझ्याशी कोणी फारसं बोललं नाही. शिपाई चहा आणायचा, पण ठेवून लगेच वळायचा. बरोबरच आहे त्याचं. चार महिने तो तुझ्यासाठी हळहळत होता.

इथे क्वार्टरला दोन खोल्या आणि एक व्हरांडा आहे. प्रयोगशाळा त्याच आवारात, पन्नास पावलांवर, त्यामुळे दोन तासांनी येऊन आईला वळवून परत जाता येतं. पंपावरच्या मुकादमाची बायको दिवसा आईजवळ बसते. भात मी लावतो. पहिले आठ दिवस आईने तो मुकाट्याने खाल्ला, नवव्या दिवशी म्हणाली, “हा भात घोटून कोणी मारला?” मला फार बरं वाटलं.

धाकट्या केमिस्टकडून कार्यभार घ्यायचा होता. तिला बातमी कळली होती. मी माफी मागायला तोंड उघडलं तर तिने हातानेच थांबवलं. आधी सगळं दाखवलं, बाटल्या कुठे, रसायनं कुठे, नोंदवह्या, कुठल्या नळाची चकती सैल आहे. मग किल्ल्या टेबलावर ठेवून म्हणाली, “माझी मुलगी फोनवर मला मावशी म्हणते, सर. सासूबाईंना आई म्हणते. ती लहान आहे, विसरेल हेही. पण मी इथे तुमच्या बहिणीसाठी म्हणून आले होते. ते मला विसरता येईल असं वाटत नाही.” दुपारच्या बसने ती गेली. बसमध्ये सामान चढवू का विचारलं, तर नको म्हणाली.

तुझ्याकडे एक काम आहे, ताई, आणि ते तुलाच करता येण्यासारखं आहे, म्हणून लिहितो. परत ये असं म्हणत नाही. तुझं काम सोडू नकोस. आईला भेटायला कधी यावंसं वाटलं तर ये. मी नको असेन तर त्या दिवशी मी प्रयोगशाळेत बसेन. पण सांभाळायला म्हणून येऊ नकोस.

काम असं. आईला आता फारसं काही आठवत नाही. आपलं जुनं घर विसरली, काकूंना विसरली, कधीकधी मला डॉक्टर समजते. मात्र तू गेलीस, हे तिच्या डोक्यात पक्कं बसलंय. मुकादमाच्या बायकोने पहिल्याच दिवशी विचारलं, आजी, मुलंबाळं किती? तर म्हणाली, मुलगा आहे, मुलगी होती. सगळं पुसलं गेलं आणि माझं खोटं तेवढं राहिलं.

म्हणून रोज सकाळी तिला उठवलं की मी पहिल्यांदा सांगतो, आई, ताई आहे. बेबी आहे. मी त्या माणसाला खोटं सांगितलं होतं. ती ऐकते. कधी चिडते, मला नावं ठेवते, एकदा उजव्या हाताने मारलंही. मग विचारते, खरंच आहे? कुठे आहे? जेवली का? आणि तिचा चेहरा असा उजळतो, तू बघायला हवास. दुपारपर्यंत ते टिकतं. संध्याकाळी परत तिच्या लेखी तू नसतेस. दुसऱ्या दिवशी परत सांगतो. आज सकाळीही सांगितलं, तर रडली, आणि मग म्हणाली, मला आधी का नाही सांगितलंस?

आता काकूंचा फोन मध्ये नाही, म्हणून पाकिटाच्या मागे माझ्या क्वार्टरचा नंबर देतोय. रविवारी कर. फोन उचलून मी लगेच आईच्या कानाला लावेन, माझ्याशी काही बोलावं लागणार नाही तुला. ती एकच प्रश्न विचारेल, “बेबी, तू आहेस का?” मी कितीही सांगितलं तरी तिचा माझ्यावर पुरता विश्वास बसत नाही. तू ‘हो’ म्हण.

तुझा भाऊ